वहिनींच्या नावाची हरकत

खामगाव,
६ ऑक्टोबर २०२५

ती. सौ. अन्नपूर्णावहिनी यांस,
कोकिळाचा शि. सा. न. वि. वि.

फोन केला तर दादा उचलतात आणि ठेवून देतात, म्हणून पत्र. माझा गुडघा अजून धरलेलाच आहे. गोपाल मला जिना चढू देत नाही; मुलगा आहे की सासू, तेच कळत नाही.

बाबांनी बक्षीसपत्रानं मला दिलेल्या दोन एकरांचा निकाल माझ्या बाजूनं लागून अकरा वर्षं झाली. दरवेळी दादांकडून नवी हरकत निघाली आणि ताबा काही मिळाला नाही. आता हायकोर्टानं शेवटची हरकत फेटाळलीय. तालुक्याच्या कोर्टाला बजावलंय, की दोन महिन्यांत ताबा देऊन तसं कळवा.

आदेश गोपालनं वाचून दाखवला. हरकत घेणारीचं नाव आलं, तेव्हा मी त्याला पुन्हा वाचायला लावलं. अन्नपूर्णा इंद्रभान. वहिनी, तुम्ही कागद वाचून सही केली होती का? माझ्या बाळंतपणात सव्वा महिना उशाशी बसलात, म्हणून विचारते.

दादांना नमस्कार सांगा, ऐकतील तर.
तुमची,
कोकिळा

साखरखेर्डा,
१४ ऑक्टोबर

चि. कोकिळाताईस अनेक आशीर्वाद.

गुडघ्याले एरंडाचं पान गरम करून बांधा आणि गोपालचं ऐका.

सही वाचून केली. ह्यांनी धाक दाखवला असं लिहिलं तर तुम्ही मानाल, पण ते खोटं होईल. तुमच्या शेतातल्या विहिरीवर आमचं सगळं ओलीत. मले वाटलं, ताईचं खामगावात बरं चाललंय, तिले काय कमी? सही केली, घरी आले आणि पोळ्या लाटल्या.

आता हे म्हणतात, दिल्लीच्या कोर्टात जाऊ. नवा कागद माझ्यापुढं ठेवला. मी पेन हातात घेतला नाही. काऊन, म्हणून ह्यांनी विचारलं, तं मी म्हटलं, शेत ताईचं आहे हे मले पहिलेपासून माहीत होतं. चार दिवस अबोला आहे. चहा तेवढा मागतात, कप वाजवून.

शेतात तूर उभी आहे. तिचं काय करायचं ते कळवा.
तुमची,
अन्नपूर्णा

खामगाव,
३ नोव्हेंबर

ती. वहिनींस शि. सा. न.

तुमचं पत्र वाचून राग आला, खरं सांगते. दोन दिवस राहिला. मग वाटलं, अकरा वर्षांत मला खरं सांगणाऱ्या तुम्ही पहिल्याच.

बेलीफ २५ तारखेला येतील. मला चालवत नाही. मुखत्यारपत्र घेऊन गोपाल येईल. तूर तुम्ही पेरली, तुम्हीच काढा. विहिरीचं पाणी पाळीनं घेऊ. दादांना भांडू देऊ नका.
कोकिळा

साखरखेर्डा,
२६ नोव्हेंबर

चि. कोकिळाताईस आशीर्वाद.

काल ताबा झाला. हे सकाळपासून शेताच्या हद्दीवर, धुऱ्यावर उभे होते. बेलीफांनी पंचांसोबत शेत फिरून पंचनामा लिहिला. गोपाल सही करणार, तेवढ्यात हे पुढं आले आणि म्हणाले, पूर्वेचा धुरा हा नव्हे. आठ-दहा वर्षांमागं नांगरताना ह्यांनीच तो पंधरा हात तुमच्या शेतात सरकवला होता. मलेही माहीत नव्हतं. धुऱ्यापासून आमच्या शेतात पावलं मोजत गेले, टिकासानं खणलं आणि बाबांनी पुरलेला हद्दीचा दगड उघडा केला. बेलीफांनी खोडून पुन्हा लिहिलं.

गोपालशी मात्र बोलले नाहीत. चहाले मीच थांबवलं त्याले.

घरी आल्यावर ह्यांना विचारलं, की सांगितलं नसतं तर कोणाले कळलं असतं? पाय धुता धुता म्हणाले, मले कळलं असतं ना.

माया राहू द्या, ताई.
तुमची वहिनी,
अन्नपूर्णा