घोलांब्याची भाषा कळणाऱ्या माणसासाठी

मी, सुलोचना जनार्दन सावे, वय अडुसष्ट, व्यवसाय बागायत, राहणार चिंचणी, तालुका डहाणू, जिल्हा पालघर, हे माझे पहिले आणि शेवटचे मृत्युपत्र लिहून ठेवते. कर्करोग माझ्या यकृतात आहे, डोक्यात नाही. मला कोणी भुलवलेले नाही की धमकावलेले नाही. घाबरलेली मात्र आहे, आणि कशाने ते पुढे येईलच.

१. कलमे बांधायचा चाकू आणि चिकू उतरवायची जाळीची काठी भागीला द्यावी. वाडीत ती माझ्या बरोबरीने राबली आणि वर माझी बोलणीही तिनेच खाल्ली.

२. बँकेतली ठेव माझा धाकटा भाऊ केदार याच्या औषधपाण्यासाठी. त्याचा मुलगा शैलेश याच्या नव्या गाडीसाठी नाही.

३. गेल्या वर्षी केदारला झटका आला. उजवी बाजू गेली आणि मराठीही गेली. बोईसरला शैलेश आणि सून रूपल यांच्या घरी तो पडून असतो. सगळ्यांना वाटते तो बरळतो. डॉक्टरांनाही तसेच वाटले, त्यांचा दोष नाही. लहानपणी आम्ही दोघांनी वाडीतल्या विहिरीमागे घोलांबा नावाचा देश वसवला होता. केदार त्या देशाची भाषा बोलतो. तेवढीच त्याच्याजवळ उरली आहे. ती कळणारी या पृथ्वीवर मी एकटी, आणि माझ्या दिवाळीची खात्री डॉक्टर देत नाहीत.

४. मराठीला विभक्ती आठ, घोलांब्याला तीन. आम्ही समुद्राकाठची पोरे, म्हणून त्या भरती-ओहोटीवर बेतल्या. शब्दाच्या शेवटी 'ओल' आले की भरती, म्हणजे ते माझ्याकडे आणा. 'इर' आले की ओहोटी, म्हणजे घेऊन जा. 'मा' म्हणजे थांबलेले पाणी, आहे तिथेच असू दे. क्रियापदे आम्ही केलीच नाहीत, तेवढा धीर कोणाला होता! त्यामुळे सगळा जीव त्या शेपटात आहे. तुव म्हणजे पाणी, बेश म्हणजे पांघरूण.

५. मे महिन्यात केदार तापाने फणफणला होता आणि 'बेशिर, बेशिर' करून ओरडत होता. रूपलने त्याच्यावर दुसरे पांघरूण घातले, मग तिसरे. मी रिक्षा करून पोचले तेव्हा तो हुंदके देत होता. मी सगळी पांघरुणे ओढून काढली. रूपल म्हणाली, "आत्या, मी काय मुद्दाम केला काय? ते बेश बेश करत होते, मला वाटला थंडी वाजते." शब्द तिने बरोबर धरला होता, शेवट ऐकला नव्हता. माझ्यामागे हे रोज होणार. मी घाबरते ती याला.

६. शैलेशला शिकवायला बसवले. पाच मिनिटांत उठला. "आत्या, शिफ्ट करून आल्यावर ह्या परग्रहाचा क्लास मला नाय जमणार." पुढच्या रविवारी मात्र जागा शोधणाऱ्या गोदामवाल्याला वाडी दाखवायला त्याला बरोबर वेळ मिळाला. म्हणून वाडी शैलेशला नाही. रागावेल, तर रागावू दे.

७. राहते घर आणि वाडी रूपलला. हिनेच केदारचा व्हिडिओ काढून घरच्या ग्रुपवर 'पप्पांचं नवीन गाणं' म्हणून टाकला होता. तो अपमान मी विसरलेली नाही, इथे लेखी नोंदवते. पण त्या खोलीत दिवसभर तीच असते. भाषा शिकली तरच वाडी, अशी अट मी घालणार होते. वकील दिग्विजय चुरी म्हणाले, "सुलूताई, परीक्षा कोण घेणार? कोर्टात घोलांबी कोणाला येते?" म्हणून बिनशर्त देते. याला कोणी लाच म्हटले तरी माझी हरकत नाही. मृत्युपत्राची एक प्रत आजच रूपलला देत आहे. रूपल, मी पदर पसरते. मी आहे तोवर रोज माझ्याजवळ बस. 'ओल' तुला ओळखता येते, घेऊन जाण्याचे 'इर' आणि आहे तिथेच राहण्याचे 'मा' अजून चुकतात. कागदावर लिहून भिंतीला लावू नकोस, भागणार नाही. तो अर्धा शब्द गिळतो, कान त्याच्या तोंडाशी न्यावा लागतो.

८. आता शेवटचे, आणि हेच मला लिहवत नाही. देश वसवला तेव्हा आम्ही लहान होतो, आमचे कोणी मेले नव्हते. घोलांब्यात ओहोटीने नेलेले सगळे भरती परत आणते. जे गेले आणि येणारच नाही, त्यासाठी आम्ही शेपूट केलेच नाही. मी गेले हे केदारला सांगायला त्याच्या भाषेत जागाच नाही. परवा मी एक नवे शेपूट करून त्याला शिकवायला बसले. त्याने भिंतीकडे तोंड फिरवले.

मी गेल्यावर तो 'सुलोल' म्हणेल. रोज म्हणेल. सुलूला आणा. रूपल, तेवढे तुला नक्की कळेल, आणि कळले नसते तर बरे, असे वाटेल. तेव्हा "येतात हां" असे खोटे सांगू नकोस. 'तुवोल' ऐकल्याचे दाखवून गडबडीने पाणीही आणू नकोस. त्याचा डावा हात हातात घे, त्याला तेवढाच कळतो. आणि म्हण, 'रूपलमा'.

हे सर्व मी स्वतःच्या हाताने लिहिले, वाचून पाहिले आणि साक्षीदारांसमोर सही केली. अंमलबजावणी वकील दिग्विजय चुरी यांनी करावी.

सही: सुलोचना जनार्दन सावे

साक्षीदार:
१. सुजित वर्तक, शेजारी, चिंचणी
२. डॉ. प्रियदर्शिनी राऊत, बोईसर

स्थळ: चिंचणी
दिनांक: १९ ऑगस्ट २०२५