व्हेरोनाताईला पाठवलेला पॅन

लॅव्हेंटिल, पोर्ट ऑफ स्पेन
१४ जुलै १९९१

ती. व्हेरोनाताईस,
ऑस्बर्नचा सा. न. वि. वि.

शुक्रवारी शाळेतून निवृत्त झालो. निरोपाला शाळेतल्या माझ्या पोरांनी तेलाची पिंपं ठोकून घडवलेल्या स्टीलपॅनवर असं काही वाजवलं की मुख्याध्यापिकाबाई चष्मा पुसत राहिल्या. मला बोलायला लावलं. एवढंच सांगितलं की पॅन वाजवणाऱ्याला लोक गुंड समजत, त्या काळी माझी बहीण बाबांना सांगायची, तो चर्चमध्ये गाण्याच्या तालमीला गेलाय. थाप उघडी पडली तेव्हा पट्ट्याचा मार तिनं खाल्ला, आणि मी वाजवत राहिलो.

बोटीनं एक पॅन आणि वाजवायच्या काठ्यांचा जोड पाठवतोय, सूर मीच लावलेत. तुलाही शिकायचं होतं ना? तेव्हा मुलींना तालमीच्या अंगणात उभं करत नसत. आता तुला कोण अडवतंय?

तुझ्या ऋणातच राहू दे.
ऑस्बर्न

शार्लटव्हिल, टोबॅगो
२ ऑगस्ट

चि. ऑस्बर्नला अ. उ. आ.

डोकं फिरलंय का तुझं? धक्क्यावरून ते धूड आणताना गाव विचारत होतं, व्हेरोनाबाई, एवढ्या भांड्यात कुणाचं जेवण रांधणार? मर्ल तर भडकलीच. म्हणाली, आई, या वयात हसं करून घेऊ नकोस, परत पाठव. मी हो म्हटलं. मग ती बाजारात गेली आणि मी एक सूर वाजवून पाहिला. एकच. तो विरेपर्यंत श्वास घ्यायचं विसरले रे.

आणि बाबांना चारचौघांत नावं ठेवू नकोस. ते घाबरले होते. त्याच वर्षी दोन पॅन-बँडच्या मारामारीत शेजारच्या पोराचा हात गेला होता.

मनगट दुखतं, काय करू? खेकडे खायला ये, तेव्हा कान उपटीन.
तुझी ताई

लॅव्हेंटिल
११ ऑगस्ट

ती. ताईस सा. न.

बाबांचं पटलं. मनगटाचं म्हणशील, तर तू कपडे धोपटल्यासारखी वाजवत असणार. काठी सैल धर, तिची तिला उडी मारू दे. रोज थोडंच वाजव. चुकलीस तर चुकू दे, माझी पोरंही चुकतात.
ऑस्बर्न

शार्लटव्हिल
२१ ऑक्टोबर

चि. ऑस्बर्नला अ. उ. आ.

काल चर्चमध्ये सुगीच्या प्रार्थनेला वाजवलं. मर्ल येणार नाही म्हणाली होती. दुसऱ्या कडव्यात हात चुकला आणि मी थांबलेच. तेवढ्यात मागून कुणीतरी तेच कडवं गायला लागलं, सावकाश, मला सूर सापडेपर्यंत. वळून पाहिलं तर मर्ल.

पास्टर म्हणाले, देवाचे आभार मान. मानले. पण तुझे थोडे जास्त मानलेत, त्यांना कळवू नकोस.

आता एक काम कर. काठ्यांचा आणखी एक जोड पाठव. मर्लनं मागितलाय.

अशीच माया असू दे.
तुझी ताई