पाचव्या घरचं जुनेर

रविवार, ३ फेब्रुवारी १९५७

बारशाला सगळ्यात आधी आली ती छबूबाई, आणि तीही रिकाम्या हातानं! आल्या आल्या पाळण्यात डोकावली नि म्हणते कशी, आवो, नाक तर तुमच्यावानीच गेलंय, आता हिला करून कोण घील? मी म्हटलं, घेणारे दारात रांग लावतील, तू घुगऱ्या खा.

छबूबाई जुनी पिंपरीचीच, शेजारच्या खोलीतली. आम्ही करमाळ्याकडचे. माझा ज्योतीराम इथं कंपनीत लागला, आणि नात झाली म्हणून मी गेल्या आठवड्यात चिंचवडच्या ठेसनावर उतरले. चाळीत नळ आहे, दिवा बटणावर लागतो. मी दिवसाढवळ्या दोनदा लावून पाहिला. ही रोजनिशी कंपनीनं ज्योतीरामला दिलेली, पण शिफ्टीतून त्याला सवड कुठली? मीच घेतली. दुसरीपर्यंत शिकलेय. अक्षर कोंबडीनं उकरल्यागत आहे, पण दाखवायचंय कुणाला.

नाव मंजुळा ठेवलं. सूनबाई सुमन गोड हसली.

हां, मुद्द्याचं राहिलंच. आमच्यात बाळाचं पहिलं दुपटं नव्या कापडाचं करत नाहीत. पाच घरचं जुनेर मागायचं. जितकं वापरून मऊ झालेलं तितकं चांगलं, त्या माणसांचं आयुष्य बाळाला लागतं. चार घरचं मिळालं, पाचवं अडलं होतं, तेवढ्यात दारात तिघं उभी. दोन बाप्ये आणि एक म्हातारी, माझ्या आईच्या वयाची असेल. अंगावर पांढरं कापड, त्याला काठ नाही की शिवण नाही. छबूबाई कानात कुजबुजली, पटमार्गी हायती, नदीपल्याड उतरल्याती, भीक घेत न्हाईत, सुईला शिवत न्हाईत, नुसतं बोलत्यात.

बोलले मात्र गोड. जग म्हणजे एक पट, आपण त्यातले धागे, विणणारा विणतोय, नवा धागा पडला की एक जुना निघतो. मी म्हटलं, विणू दे त्याला, तुम्ही घुगऱ्या घ्या. आणि म्हातारीकडे जुनेर मागितलं. एवढं आयुष्य दुसऱ्या कुणाकडे असणार? तिनं हसून पदराचा कोपरा फाडून दिला.

फाडताना आवाज कसा झाला नाही, ते आता लिहिताना ध्यानात आलं.

सोमवार, ४ फेब्रुवारी

दुपटं शिवलं. म्हातारीचा तुकडा मधोमध घेतला. पहिली सुई घातली तर कापड शहारलं, म्हशीच्या पाठीवर माशी बसली की कातडं हलतं ना, तसं. म्हटलं, डोळे म्हातारे झाले.

दुपट्याच्या कोपऱ्यांत भाकरीचा घास घालून शिवतात, त्याचं पोट भरलेलं असावं म्हणून. पण ज्योतीराम शेवटची भाकरी खाऊन कामावर गेलेला. घास उद्या घालू म्हटलं, आणि उपाशीच दुपटं मंजुळाच्या अंगाखाली घातलं. गावाकडे सासूनं मला फोडून काढलं असतं.

बुधवार, ६ फेब्रुवारी

दुपट्यातून एक दोरा सुटलाय. गुंडाळत गेले तर संपेना. उंबऱ्याबाहेर, नळापाशी, तिथून रुळांकडे. कुणीतरी पलीकडून ओढावा तसा ताठ.

परत आले तर छबूबाई पाळण्यापाशी उभी. म्हणाली, रिकामा पाळणा कशापायी टांगलाय? मी चिडले. चेष्टेलाही काही हद्द असते. तर तिनं लेकराची शपथ घेतली. आणि तिचे डोळे खोटे नव्हते.

मंजुळाला उचललं. कापसाच्या पेळूइतकी हलकी. उन्हात धरली तर तिच्या मुठीतून दुपट्याची वीण दिसत होती.

गुरुवार, ७ फेब्रुवारी

तिघं आली. भर उन्हाची. मी विचारायच्या आधीच सांगितलं, शांतपणे, भाजीचा भाव सांगावा तसं. तू पटाला सुई टोचलीस. आता हा धागा निघणार. पोर मरणार नाही, भिऊ नकोस. ती झालीच नव्हती, असं होईल. आठवणच नाही म्हणजे रडणंही नाही. कुणालाच दुःख नाही. शनिवारी टोक न्यायला येतो.

मी म्हटलं, माझं दुःख काढून घेणारे तुम्ही कोण? नवरा गेला तेव्हा रडले, दोन लेकरं गेली तेव्हा रडले. त्यातलं एक टिपूस मी कुणाला देणार नाही. पट तुमचा असेल. नात माझी आहे.

म्हातारी हसली. चहा दिला नाही मेल्यांना.

शुक्रवार, ८ फेब्रुवारी

सुमन रडतेय. चोळी दुधानं भिजलीय आणि मला विचारते, आत्या, हे दूध कशाचं?

उसवायला बसले. तुकडा उसवेना. बरं, नाही उसवत. वरून घालते! माझं अंगावरचं लुगडं सोडलं, दुसरं नेसले, सोडलेलं फाडून दुपट्याला खालून-वरून लावलं. बारीक टाका, एकाला लागून एक. दोरा संपला तेव्हा माझे केस ओवले. चारी कोपऱ्यांत भाकरीचा घास. खा. पोटभर खा. माझ्या नातीला सोड.

उंबऱ्यावरचा दोरा अजून ताठ. दुपट्यापाशी कापला, बाहेरचं टोक माझ्या बोटाला बांधलं, दुहेरी गाठ मारून. जुना धागा पाहिजे ना? हा घ्या. सहजी निघणार नाही, सांगून ठेवते—

मंजुळा रडली! जड झाली! सुमन धावत आली, माझी मंजू म्हणून छातीशी—

शुक्रवारच. ज्योतीराम आला. मला वाकून नमस्कार केला. म्हणाला, आजी, आपण कुणाकडे आलात? बसा, चहा घ्या.

गुणाचा आहे पोरगा. परक्या म्हातारीलाही चहा—

शनिवार, ९ फेब्रुवारी

पेन बोटांत राहत नाही. बोटांतून कागदाच्या रेघा दिसतात.

छबूबाई आली. माझ्या अंगावरून गेली. पाळण्यात डोकावून म्हणाली, नाक कुणावानी गेलंय गं हिचं? सुमन म्हणाली, कुणास ठाऊक.

माझ्यावानी. ते नाक माझं. ते नेऊन दाखवा—

उंबऱ्यात बसलेय. सुई ओवलेली आहे. बोटाला ओढ लागतेय, लागू दे. मीही ओढतेय. शनिवारी येतो म्हणाले होते, आणि आज श—