अंजनाबाईचा पत्ता

३ डिसेंबर

उघडत नाही! अहेरीच्या ऑफिसात साहेबांनी पहाडीवरच्या आमच्या वनहक्काच्या दाव्यात छापलेला वेबसाइटचा पत्ता स्वतः कॉम्प्युटरवर टाकून बघितला. पांढरा पडदा, त्यावर एकच ओळ — पान सापडलं नाही. 'मॅडम, सुनावणी चोवीसला. तोवर चालू करून दाखवा. नाहीतर हा पुरावा धरता येणार नाही.'

आणि आमच्याकडे दुसरा आहे काय? अंजनाबाईचा व्हिडिओ, बस! पहाडी कोणी राखली हे सांगू शकणारं आमच्या टोल्याच्या वस्तीतलं तेच शेवटचं माणूस. मागच्या उन्हाळ्यात गेली. आणि त्याच पहाडीवर पलीकडच्या बोरमटोल्यानंही दावा टाकलाय. त्यांचे मुखरूभाऊ बाहेर बाकावर बसून होते. रागानं बघितलं असतं तर बरं वाटलं असतं. नुसतंच बघितलं.

येताना आमच्या ग्रामसभेचे अध्यक्ष सोमाजीभाऊ गाडीवर मागं बसून सारखं तेच — 'नूतन, तू कॉम्प्युटर शिकली ना? मंग काऊन उघडत नाई?'

काय सांगू!

५ डिसेंबर

प्रफुलला फोन लागला. चंद्रपूरच्या संस्थेत होता तेव्हा व्हिडिओ त्यानंच काढला, साइटवर त्यानंच चढवला. आता संस्था बंद, तो नागपुरात नोकरीला. कॉपी नाही त्याच्याकडे. वर म्हणतो, 'ताई, साइटच्या नावाची मुदत याच महिन्याअखेर संपून राह्यली. पुढं कोणी चालू ठेवणार नाई. मंग काहीच उरणार नाई.'

म्हणजे चोवीसच्या आधी सापडलं तर सापडलं.

आमच्यातल्या कोणी तो बघितलेला नाही, म्हणून व्हिडिओत ती काय बोलली ते विचारलं. 'किती म्हाताऱ्यांशी बोललो मी त्या वर्षी. आता आठवत नाई. पण पहाडीबद्दलच होतं.'

८ डिसेंबर

नेट फक्त पुलाजवळ मिळतं. तिथंच गाडी लावून बसले. येणारे-जाणारे विचारतात, बाई, कोणाची वाट पाहून राह्यली?

प्रफुलनं फोनवर समजावलं ते लिहून ठेवते, म्हणजे डोक्यात राहील. पत्ता एकसंध नसतो. सुरुवातीला, कोणत्या रीतीनं बोलायचं ते. मग साइटचं नाव — कोणाच्या मशीनकडे जायचं ते. तिथून पहिली तिरकी रेघ. त्या रेघेनंतरचं सगळं म्हणजे त्या मशीनला विचारायचं, अमुक वस्तू दे.

मी मुद्दाम साइटचं नावच चुकवून टाकलं. तर वेगळीच ओळ आली — अशी साइटच नाही! म्हणजे 'पान सापडलं नाही' हे उत्तर कोणीतरी देतंय. मशीन जिवंत आहे! घरात माणूस आहे, फक्त मी मागते ती वस्तू त्याला कळत नाही.

बरं वाटलं. मग पुन्हा भीती. वस्तूच काढून टाकली असेल तर?

११ डिसेंबर

साइटच्या नावात अक्षरं लहान-मोठी कशीही चालतात. पण तिरक्या रेघेनंतर नेहमी नाही चालत म्हणे — तिथं मोठा A वेगळा, लहान a वेगळा. सगळं उलटसुलट करून बघितलं. नाही. शेवटून एकेक तुकडा छाटत मागं आले. एका ठिकाणी 'परवानगी नाही' असं आलं. म्हणजे कपाट आहे, कुलूप आहे!

धान बांधायला गेले नाही म्हणून आई बोलली. बोलू दे.

१४ डिसेंबर

नाही.

१६ डिसेंबर

सापडलं!!

कागदावर शेवटी anjana, मग थोडी जागा, मग bai असं छापलंय. मी तशीच जागा सोडून टाकत होते. आज लक्ष गेलं — एंटर दाबलं की त्या जागेत टक्क्याची खूण आणि वीस असं काहीतरी आपोआप येतं. प्रफुलला विचारलं. 'पत्त्यात रिकामी जागा चालतच नाई, म्हणून ब्राउझर तिच्या ठिकाणी ते टाकते. पण मी जागा कधीच ठेवत नाई, ताई.'

मग कागदावर ती जागा कशाची? पत्त्याखाली छापताना सलग रेघ आलीय. आणि दोन शब्दांच्या मधे खाली मारायची जी आडवी रेघ असते, अंडरस्कोर, ती त्या रेघेत बुडाली! दिसणार कशी?

टाकली. आणि अंजनाबाई समोर. अंगणात, मोहाच्या टोपलीशेजारी. रडूच आलं.

सगळा व्हिडिओ बघितला. मोबाइलमध्ये उतरवून घेतला.

आता काय करू?

१७ डिसेंबर

ती म्हणते — 'आमी कुठी इथलचे? दुष्काळात आलो. पहाडी बोरमटोल्याची. त्यायच्या लालसूनं माह्या बापाले सांगतलं, लेकरं घेऊन कुठी फिरते, इथीच राह्य. पाण्याची बोडी त्यानं दाखवली, बांबू कवा तोडायचा तेही त्यानंच शिकवलं. मंग पहाडी दोघायनं राखली.'

आमचाच पुरावा. आमच्याच विरुद्ध.

सोमाजीभाऊंना दाखवला. त्यांनी पूर्ण बघितला, मोबाइल परत दिला. मग — 'साहेबाले मालूम आहे का, उघडलं म्हणून?'

मी नाही म्हणाले.

'मंग नाई उघडलं. महिना संपला का आपोआप जाते म्हंते ना तो पोरगा? जाऊ दे. तू काही खोटं नको बोलू. फक्त बोलू नको.'

वाईट माणूस नाहीत ते. पहाडीच्या बांबूवर टोल्यातली किती घरं आहेत, मला माहीत नाही का?

२० डिसेंबर

जेवण जात नाही. कोणाला विचारू? पत्ता मला एकटीला माहीत आहे. मी गप्प बसले की अंजनाबाई कधी बोललीच नव्हती.

२३ डिसेंबर

सोमाजीभाऊंना सांगितलं, उद्या मी उघडून दाखवणार. 'पोरी, टोला तुले माफ नाई करणार.' एवढंच बोलले आणि आत गेले. दार लावलं नाही, पण पुन्हा बाहेर आले नाहीत.

२४ डिसेंबर

मी पत्ता टाकला. व्हिडिओ चालला. संपल्यावर मुखरूभाऊ उठले — 'साहेब, अजून एकडाव लावा.' लावला. लालसूचं नाव आलं तसे ते भिंतीकडे वळले. मग इतक्या हळू बोलले की साहेबांना पुन्हा विचारावं लागलं. 'लालसू माहा बाप. त्यानं देल्लं ते मी वापस मागत नाई. दोन्ही गावाचा एकच दावा लिवा.'