जावळाच्या पाटावर कुलगुरू

अकोले

ती. आक्का,

धाकट्या पुष्पावतीचा वाकून नमस्कार (तुझा गुडघा बरा होईपर्यंत तुझ्या वाटणीचंही मीच वाकते). ऑपरेशननंतर तू शेवगावात काठी टाकून अंगणात फिरतेस हे ऐकून बरं वाटलं. जिना मात्र एवढ्यात चढू नकोस. आम्ही सगळे खुशाल आहोत, भात चांगला झालाय, आणि घरातलं कोर्टाचं प्रकरण एकदाचं मिटलं. फोनवर तू निम्मं ऐकतेस आणि उरलेलं मनानंच भरतेस, म्हणून सगळं सविस्तर लिहिते.

आपला गोरक्षनाथ विद्यापीठाचा कुलगुरू झाला तेव्हा मी गावभर पेढे वाटले. (निम्म्या गावाला वाटलं, आपला भाऊ कुठल्या मठाचा महाराज झाला. दोघी तर नारळ घेऊन पाया पडायला आल्या. नारळ मी ठेवून घेतले.) त्या पेढ्यांची चव तोंडात असतानाच माझ्या दिपालीचा रडत फोन आला, की श्रीमंतरावांनी मामांविरुद्ध हायकोर्टात याचिका टाकली. आपले जावई त्याच विद्यापीठात शिकवतात, आणि माणूस कसा सरळ आहे ते तुला ठाऊक आहे. लग्नात आहेर मोजताना चुकून जास्त आलेलं ताट परत देणारा. त्यांचं म्हणणं असं, की कुलगुरू निवडणाऱ्या समितीत अनुदान आयोगाचा माणूस असावाच लागतो, तो नव्हता, म्हणून समिती चुकीची आणि नेमणूकही चुकीची. तेव्हा कोर्टानं मामांना एवढंच विचारावं, तुम्ही या खुर्चीत कोणत्या अधिकारानं बसलात?

मी जावयांना फोन लावला. म्हणाले, मामांसारखा शिक्षक दुसरा नाही, माझं भांडण समितीशी आहे. मी म्हटलं, मग नोटीस मामाच्या दारात का गेली? त्यावर त्यांनी मला इतका वेळ कायदा समजावला की चुलीवरचं दूध उतू जाऊन विस्तव विझला. गोरक्षला विचारावं तर तो त्यांच्यावर ताण. म्हणाला, पोरानं मसुदा चांगला केलाय, मधला एक परिच्छेद तेवढा सैल आहे. दोघांपैकी कुणालाच राग नाही, आणि मी आपली देवापुढे दिवा लावून बसलेली. राग आला तो फक्त दिपालीला. तिनं सुनावणीच्या प्रत्येक तारखेला नवऱ्याला दोडका करून घातला, आणि कोर्टानं तारखा देताना हात आखडता घेतला नाही.

अशात चांगुणाबाईंनी, म्हणजे आमच्या विहीणबाईंनी, दिपालीच्या ओंकारचं जावळ काढायचं ठरवलं, पारनेरला त्यांच्या अंगणात. आता जावळाला मामा पाहिजे. पोरगं मामाच्या मांडीवर बसतं तेव्हा न्हावी कात्री लावतो. तुलाही मुलगा नाही आणि मलाही नाही, म्हणजे दिपालीला भाऊ नाही. तेव्हा गोरक्षनंच बसायचं असं मी ठरवलं खरं, पण मग मलाच प्रश्न पडला. ज्याला खुर्चीवरून उठवायला माणूस कोर्टात गेलाय, त्याच्याच मांडीवर आपलं पोरगं देईल का? आणि तो आलाच नाही तर? एकदा तेढ पडली की माझ्या लेकीचं माहेर कायमचं तुटलं, हे मला दिसत होतं.

गोरक्ष आला. सरकारी गाडी पारनेरच्या चौकातच सोडून चालत आला, हातात बाळाचं अंगडं-टोपडं. श्रीमंतरावांनी पुढे होऊन पाय धुवायला पाणी दिलं. मी श्वास सोडणार, तेवढ्यात चांगुणाबाई पाटासमोर उभ्या.

"ह्ये तर पोराच्या आयचं मामा," त्या म्हणाल्या. "पोराचा मामा कुटं हाय? आमच्यात असलं चालत न्हाई."

न्हावी कात्री पुसत राहिला. गोरक्ष अर्धा बसला होता, तो तसाच थांबला (त्या वयात तसं थांबणं सोपं नाही), आणि जावयांकडे बघून हळूच म्हणाला, "श्रीमंतराव, तुम्हीच सांगा. या पाटावर मी कोणत्या अधिकारानं बसू?"

जावई लाल झाले. मग उभे राहिले आणि आपल्याच आईपुढे जसं बोलायला लागले, तसं ते खंडपीठापुढेही बोलले नसतील. म्हणाले, मामा नसेल तिथं आईचा मामा बसतो, आमच्याच भावकीत बसलेत, आणि लगेच तीन घरांची नावं घेतली. त्यातल्या एका घरचे म्हातारे तिथंच बसले होते, त्यांनी मान डोलावली. शेवटी आईला म्हणाले, "आई, या नेमणुकीत खोट नाही. हिच्या बाजूनं मी स्वतः उभा राहीन."

चांगुणाबाईंनी डोक्यावरचा पदर सारखा केला. "मग बसा की," म्हणाल्या, "कवाधरनं पोरगं ताटकाळलंय." ओंकार मामाच्या मांडीवर बसला, त्याचा चष्मा ओढला, आणि पहिली बट पडली तेव्हा सगळ्यांत मोठ्यानं रडलं कोण, तर श्रीमंतराव. दिपालीनं त्यांना त्या दिवशी पुरणपोळी वाढली, वर तूप.

परवा निकाल लागला. नेमणूक रद्द. गोरक्ष दुसऱ्या दिवशी एसटीनं इकडे आला, काळभाताच्या तांदळाचा भात आणि कुळथाचं पिठलं खाऊन दुपारपर्यंत झोपला. म्हणाला, ताई, आता पुन्हा वर्गावर जाता येईल. मागोमाग जावई आले, जिंकलेल्या माणसाचं तोंड इतकं उतरलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. मामानंच त्यांना ताटावर ओढून बसवलं, आणि दोघं पिठल्यात बोटं घालून निकालातली व्याकरणाची चूक शोधत बसले. मी त्यांना बजावलं, की या घरात यापुढे कोर्ट हा शब्द काढायचा नाही. नात्यापुढे खुर्ची ती काय?

तुझी,
पुष्पावती

ता. क. : नवी जाहिरात येणार आहे. मामानं पुन्हा अर्ज करावा म्हणून जावई मागे लागलेत. समिती नीट नसली तर काय करणार, हे मी विचारलं नाही.

ता. क. २ : तुझ्या दिशाला रविवारी इकडे पाठव, वकिलीचा काळा कोटही बरोबर असू दे. आमच्या महिला दूध संस्थेच्या अध्यक्षपदी जयमाला बसली, आणि सभेची सूचना कुणाला दिलेलीच नव्हती. मी जावयांना सहज विचारलं, ते म्हणाले, केस भक्कम आहे. जयमाला माझी सख्खी जाऊ आहे हे मला कुणी सांगायला नको. तिच्या नातीच्या बारशाला पाळणा मीच म्हणणार आहे. ते वेगळं, हे वेगळं.