३१ ऑक्टोबरचा पहिला डाव

२३ मार्च, सोमवार

भिवराबाई आली होती. पाडव्याला टोळी परत आली, साडेचार महिने ऊस तोडून बाई नुसती रापून गेलीय. आत ये म्हटलं तरी पायरीवरच बसली. चहा दिला, तो बशीत ओतून तसाच गार होऊ दिला.

"सरपंचबाई, घरकुलातून माझं नाव कावून काढलं?"

मला काहीच ठाऊक नव्हतं! सरपंच मी, सही माझी, शिक्का माझा, आणि गावात सगळ्यात शेवटी खबर मला. तिला ग्रामसेवकांनी सांगितलं म्हणे — ३१ ऑक्टोबरच्या सभेत ठराव झालाय. सदर महिला कायमची गाव सोडून गेली आहे. कायमची! निम्मा गाव कोयता घेऊन जातो आणि पाडव्याला परत येतो, हे शेंबड्या पोरालाही कळतं. आणि तिच्या जागी नाव कुणाचं, तर राधाकिशनचं. आमच्या गाडीवरचा ड्रायव्हर! त्याचं स्लॅबचं घर आहे, वर आणखी एक खोली काढायची म्हणतो.

"तुमी व्हता ना तवा तिथं?" ती म्हणाली.

मी आत गेले. आमचे हे जेवत होते. विचारलं तर घास न थांबवता म्हणाले, "एकतीसला? तू कार्तिकीची गडावर गेलतीस की."

बाहेर येऊन मी तेच सांगितलं. तिच्या चेहऱ्यावर काही हललं नाही, म्हणून वर हातही जोडले. नारायणगडाची आण घेऊन सांगते, मी त्या दिवशी ऑफिसात नव्हते.

ती माझ्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, "गडाचं नाव घेतलं. आता काय बोलायचं." उठून गेली.

२४ मार्च

वाईट वाटतंय तिचं. पण मी काय करणार? मी नव्हतेच.

२९ मार्च, रविवार

लिहायचं तर खरं लिहावं. इथं कोण बघतंय!

सरपंचाची जागा महिलांना सुटली तेव्हा ह्यांनी मला उभं केलं. निवडूनही आणलं. हार ह्यांच्या गळ्यात, गुलाल ह्यांच्या डोक्यावर, मी गाडीत पदर सावरत. तेव्हापासून मंगळवारी आणि शुक्रवारी मला ऑफिसात नेऊन बसवतात. बसवतात हाच शब्द. महालक्ष्म्या बसवतात तशा. समोर येणारा माणूस मला नमस्कार करतो आणि ह्यांच्याशी बोलतो.

सुरुवातीला भिंतीवरची पाल बघत बसायचे. एक दिवस आमचा ऑपरेटर आदिनाथ (पोट सुटलेला, तोंडात कायम सुपारी) म्हणाला, "वहिनी, करमत नसंल तर हे बगा." कॉम्प्युटरवर पत्त्यांचा गेम. एकटीनं खेळायचा. लालवर काळा, काळ्यावर लाल, मोकळ्या जागेत फक्त राजा. माझ्या नावानं खातं पण काढून दिलं त्यानं. किती नीट शिकवलं! बारावीनंतर मला कुणी काही शिकवलंच नव्हतं.

तेव्हापासून मी वारांची वाट बघते. जिंकलं की सगळे पत्ते उडतात, दिवाळीतल्या भुईनळ्यासारखे. घरी येऊन सांगते, आज लई काम होतं. सासूबाई म्हणतात, दमली असशील, बस जरा. आणि मी बसते!

लाज वाटते. पण खेळायचं सोडत नाही.

७ एप्रिल, मंगळवार

आमच्या आरोहीला दहावीची परीक्षा संपल्यापासून मोबाईलशिवाय दुसरं काही सुचत नाही. आता तिच्या मैत्रिणींचं काहीतरी निघालंय — आपल्या आईनं कॉम्प्युटरवर पहिला गेम कधी खेळला, ते विचारायचं आणि आईचं तोंड बघायचं. त्याची रील. जिची तिची आई 'कधीच नाही' म्हणते आणि पोरी खिदळतात.

आज माझ्यामागं ऑफिसात आली. आदिनाथ चहाला गेला होता. मोबाईल माझ्या नाकासमोर धरून, "मम्मी, बोल. पहिला गेम कधी?"

मला वाटलं पोरीला चकित करावं. म्हटलं, खेळते की मी! संक्रांतीच्या आसपास शिकले.

तिचे डोळे एवढे मोठे. मग माझ्या हातून माऊस घेतला, गेम उघडला, कुठं कुठं टिचक्या मारल्या. "खोटारडी! इथं बघ की. पहिला डाव खेळला तेव्हाचा बिल्ला हाय तुझ्या नावावर. संक्रांत कुठली, ३१ ऑक्टोबर!"

रीलमध्ये माझं तोंड आलं असणार. मी तिला ती पुसायला लावली. का, ते सांगितलं नाही. रुसली.

८ एप्रिल

एकतीसला शुक्रवार होता. माझा बसायचा वार. कॅलेंडर काढून बघितलं. गडावर गेलो तो रविवार — आरोहीला सुट्टी होती म्हणूनच तर ती सोबत होती, पायऱ्यांवर चप्पल तुटली म्हणून रडली होती. मला सगळं आठवतंय. तेव्हा का नाही आठवलं? ह्यांनी सांगितलं आणि मी माझी म्हणून तीच आठवण उचलली. स्वतःचे दिवससुद्धा मी नवऱ्याला विचारून सांगते!

आणि देवाची आण घेऊन बसले.

९ एप्रिल

दुसरं एक आठवलंय. लिहावं की नको.

त्या पहिल्या दिवशी डाव ऐन रंगात होता. बदामची राणी हातात होती आणि मध्येच पत्त्यांवर एक पांढरी चौकट आली. मी घाबरले. म्हटलं, आदिनाथ, हे काय आलं मध्येच? तो शेजारीच उभा होता. म्हणाला, "काही न्हाई वहिनी, तेवढा तुमचा पासवर्ड टाका, मंजे जाईल ते." पासवर्ड म्हणजे आरोहीची जन्मतारीख. कॉम्प्युटरवर माझी सही उमटवायचा पेनड्राइव्ह मशीनला लावलेलाच होता, तो मला दिसत होता. तरी पासवर्ड टाकला! चौकट गेली. राणी राजावर बसली. मी टाळी वाजवली.

त्या दिवशी सभा झालीच नव्हती, ती चौकट म्हणजेच ठराव होता. माझी सही होती.

गेम पुढं चालावा म्हणून मी एका बाईचं घर दिलं.

१० एप्रिल, शुक्रवार

आदिनाथला विचारलं. आधी हसला. मग सुपारी थुंकून आला. मग खाली बघून म्हणाला, "अण्णा म्हणले, वहिनींना जरा गुंतवून ठेव. ठराव बिनबोभाट व्हायला पायजे. मी तर नोकर माणूस."

अण्णा म्हणजे आमचे हे.

म्हणजे शिकवलं ते त्यासाठी. रडणाऱ्या पोराच्या हातात खुळखुळा देतात. मी इतके महिने तो वाजवतेय, आणि वर मनात आदिनाथचे उपकार मानतेय.

११ एप्रिल

ह्यांना म्हटलं. ओरडतील असं वाटलं होतं. ओरडले नाहीत, ते जास्त लागलं.

"तूच म्हणायचीस ना, करमत न्हाई? करमलं ना?"

मग समजावणीच्या सुरात — राधाकिशन रात्रंदिवस आपल्यासाठी पळतो. इलेक्शनला बूथ त्यानंच सांभाळला. भिवराबाईचं पुढच्या यादीत बघू. आणि हे कुणाला सांगायला गेलीस तर चौकशीत सही तुझी निघेल, माझी न्हाई.

खरंच आहे की. ह्यांचं नाव कुठंच नाही.

१७ एप्रिल

आज परत खेळले. तीन डाव. एकही जिंकला नाही. आदिनाथ माझ्याकडं बघत होता, मी त्याच्याकडं बघितलं नाही. देवा, मी कसली बाई आहे!

२१ एप्रिल

मुद्दाम भिवराबाईच्या घरावरून गेले. घर कसलं, खोपट. एका बाजूचे पत्रे वाऱ्यानं गेलेत, तिथं जुनी ताडपत्री. ऊन असं की गाडीचं दार धरवत नव्हतं. ती बाहेर बाभळीखाली नातीला झोळीत झोका देत होती. मला बघून उठली, पदर नीट केला. मी गाडीच थांबवली नाही. राधाकिशन चालवत होता. आरशात माझ्याकडं बघून म्हणाला, "थांबायचं का वहिनी?" मी म्हटलं, नको.

घरी आल्यावर भाकरी तशीच ठेवून उठले.

३० एप्रिल

उद्या ग्रामसभा. झेंडावंदनानंतर शाळेच्या पटांगणात. दरवेळी हे माइक घेतात, 'सरपंचांच्या वतीने सांगतो' म्हणतात, आणि मी मान डोलावते.

बोलायचं तर काय सांगायचं? की सरपंच ऑफिसात पत्ते खेळत होती? गाव वर्षभर हसेल. माहेरी चकलांब्यापर्यंत जाईल, वडील तिथं अजून पारावर बसतात. आरोहीला पोरी चिडवतील. नाही बोललं तर कुणाला काही कळणार नाही. फक्त मला.

दोन्हीकडं लाजच आहे. एक गावापुढची, एक घरातली. घरातली रोज वाढून घ्यावी लागते.

१ मे, शुक्रवार

बोलले.

ह्यांनी माइक हातात घेतला, तेवढ्यात मी हात पुढं केला. सगळ्यांसमोर बायकोला नाही कसं म्हणणार? दिला. तोंडाशी धरला तर आधी माझ्या बांगड्यांचाच आवाज त्यातून आला.

मी म्हटलं, ३१ ऑक्टोबरला सभा झालीच नाही. भिवराबाईचं नाव काढलं ते खोटं आहे. मी त्या दिवशी ऑफिसात होते. कॉम्प्युटरवर पत्ते खेळत होते.

आधी कुणालाच कळलं नाही. मग मागून एक जण ओरडला, "जिंकल्या का, बाई?"

माझ्या तोंडातून निघून गेलं — "जिंकले."

अख्खं पटांगण हसलं. म्हातारी माणसं हसली, अंगणवाडीच्या बाया तोंडाला पदर लावून हसल्या. आदिनाथ कुठं दिसेना. माझे कान असे तापले की वाटलं आता इथंच बसकण मारावी. पण मग राहिलेलं कधी सांगणार? हसू थांबेपर्यंत उभी राहिले आणि ती चौकट सांगितली. पासवर्ड सांगितला. मी गेम थांबू नये म्हणून तो टाकला, हे सांगितलं. गडाची खोटी आण घेतली, तेही. त्यावर मात्र कुणी हसलं नाही.

ग्रामसेवकांना म्हटलं, लिहा, जुना ठराव रद्द, बाईचं नाव होतं तिथं परत. ते ह्यांच्याकडं बघायला लागले. हे चष्मा पुसत होते. पुसतच राहिले. मी म्हटलं, भाऊसाहेब, सरपंच इकडं हाय.

हात वर करा म्हटल्यावर पहिला हात बायकांच्या रांगेतून आला. मग आणखी. मग पुरुषांचे. भिवराबाई भिंतीला टेकून सगळ्यात मागं बसली होती. तिनं नाही केला हात वर. नुसती बघत होती.

वर तालुक्याला काय व्हायचं ते होवो. चौकशी लागली तर लागू दे.

२ मे

हे बोलत नाहीत. सासूबाई म्हणाल्या, "नवऱ्याचं नाक कापलंस." आरोही सकाळपासून माझ्याजवळून हलली नाही. गावात मला 'पत्तेवाली सरपंच' नाव पडलंय, तिनंच सांगितलं. मग दोघींनाही हसू आलं.

रीतसर लाज वाटतेय. पण जेवले. मनात थोडं कौतुकही आहे स्वतःचं, खोटं कशाला लिहू.

४ मे, सोमवार

भिवराबाई आल्या होत्या. या म्हटल्यावर आत आल्या. चहा प्याल्या. जाताना उंबऱ्यात थांबून म्हणाल्या —

"त्या दिशी मी आलते ऑफिसात. टोळीचा ट्रक उभा व्हता, मनून पळत आलते, घरकुलाचं इचारायला. खिडकीतून बगितलं तर तुमी मशिनीत बगून हसायलता, टाळी वाजवली. मला वाटलं, माझंच काम झालं. मनून आवाज दिला न्हाई."

मी विचारलं, मग मी आण घेतली तेव्हा का नाही बोललात?

"गडाचं नाव घेतलं तुमी. मला वाटलं, माझेच डोळे खोटे."