पौर्णिमेची सभा

॥ श्री एकवीरा आई प्रसन्न ॥

कोळीवाडा, मालाड
दि. १७ जानेवारी १९७१

चि. सौ. मंजुळा हिस दादाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

इकडे सर्व क्षेम. आयचा गुडघा थंडीने धरतो, पण टोपली सोडत नाही. बाजारातल्या तिच्या जागेवर दुसरी कोणी बसली तर काय होईल हे तुला ठाऊकच आहे. चंपाचा खोकला राहिला का, ते कळव.

आता कामाचं. शिक्षण खात्याचे साहेब शाळेत येऊन गेले. खासगी शाळांचा कारभार कसा चालावा याचे नियम त्यांनी पुढे ठेवले. मी म्हटलं, पाठ आहेत, कुठलंही कलम विचारा. त्यावर त्यांचं म्हणणं, पाठ असून भागत नाही, समिती तशी पाहिजे. मुख्याध्यापक असेल तोच समितीचा चिटणीस, आणि शिक्षकांपैकी एक जण सभासद. असा ठराव फेब्रुवारीअखेर पोचला नाही तर अकरावीची मान्यता जाईल. मग वाड्यातली पोरं मॅट्रिकला बसणार कुठून?

शाळा निघाल्यापासून चिटणीस मी. बर्फाच्या कारखान्यात टाइमकीपरी करून, चौथीपुढचं सगळं स्वतः वाचून, मी ही शाळा उभी केली. आता मुख्याध्यापिका पद्मजाबाई चिटणीस होणार! गिरगावची बाई, तिला अजून मांदेली आणि बोंबील यांतला फरक सांगावा लागतो. शिवाय जमातघरात सभेला बाईमाणूस आजवर बसलेलं नाही. समितीतल्या धाकू पाटलांनी मला विचारलं की बाईंसमोर तंबाखू मळायची कशी.

मला एक तोड सुचली आहे. तू बी. एड. आहेस. चेंबूरची नोकरी सोड आणि इथे मुख्याध्यापिका हो. पद्मजाबाईंना गिरगावात कुठेही काम मिळेल. म्हणजे नियमही राहील आणि शाळा घरात राहील. जावईबापूंशी बोल.

आशीर्वाद आहेतच, उत्तराची वाट पाहतो.
तुझा दादा,
धर्मा

——

चेंबूर
दि. २३ जानेवारी १९७१

ती. दादास मंजुळाचा शि. सा. न. वि. वि.

चंपाचा खोकला गेला, आता तोंड सुरू झालंय. मामासारखी प्रत्येकाच्या चुका काढते.

तुझी तोड वाचून हसू आलं. जमातघरात बाईमाणूस चालत नाही म्हणतोस आणि मला बोलावतोस. मी काय रे, बाई नाही? का बहीण म्हणजे नुसतं नाव, कारभार तुझाच? दादा, मी आले तर नियमात लिहिलंय तेवढा सगळा कारभार घेईन. तुझ्या हातातलं पेन काढून घेणारी मी असावी, हे मला नको.

आणि पद्मजाबाईंनी काय वाईट केलं? दोन वर्षं अकरावीची पोरं पास होतायत, ती कोणामुळे? माझ्या मॅट्रिकच्या वेळी बीजगणित तू आधी स्वतः शिकलास, मग मला शिकवलंस. तेव्हा तू कारभारी नव्हतास, मास्तर होतास. मला तो दादा जास्त आवडायचा.

रागावलास तरी माया आटू देऊ नकोस.
तुझी,
मंजुळा

——

मालाड
दि. ३१ जानेवारी १९७१

चि. सौ. मंजुळास आशीर्वाद.

पत्र पोचलं. तुझा नकार समजला, त्यावर चर्चा नको.

समितीची सभा बुधवार, दि. १० फेब्रुवारी रोजी सायंकाळी पाच वाजता जमातघरात बोलावली आहे. नोटिशी नियमात आहे तशाच दिल्या, प्रत्येकाची सही घेतली. कोरम पाचाचा. कोरम झाला नाही तर तो चिटणिसाचा दोष धरता येत नाही, हे साहेबांनाही मान्य करावं लागेल.

आय बरी आहे.
धर्मा

——

चेंबूर
दि. ४ फेब्रुवारी १९७१

ती. दादास सा. न. वि. वि.

दहा तारखेला माघी पौर्णिमा आहे. साहेबांना ते कळायचं नाही, पण मी कोळ्याचीच पोर आहे. पौर्णिमेच्या उधाणाला डोल जाळी लावायला सगळा वाडा दर्यात असतो. समितीतल्या प्रत्येकाची होडी आहे, एकटा तूच कारखान्यात. आजवर सगळ्या सभा तू अष्टमीच्या भांगाला घेतल्यास, पाणी मंद असतं आणि होड्या किनाऱ्याला असतात म्हणून. यंदाच कसा विसरलास?

मी कोणाला काही लिहिलेलं नाही. फक्त खालचा मजकूर आयसाठी आहे. माझी पत्रं तिला तूच वाचून दाखवतोस, आणि आजवर एक शब्द गाळला नाहीस.

आये, दादाने सभा पौर्णिमेला ठेवली आहे. त्या दिवशी कोणी येऊ शकणार नाही. ठराव झाला नाही तर अकरावीचा वर्ग बंद होईल. वाड्यातल्या रत्नप्रभा वहिनीचा लवू यंदा दहावीत आहे, त्याचं काय होईल ते दादाला विचार.

दोघांच्याही पाया पडते.
मंजुळा

——

मालाड
दि. ११ फेब्रुवारी १९७१

चि. सौ. मंजुळास अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र आयला वाचून दाखवलं. दुसऱ्या वाक्यापाशी मी थांबलो. आयने विचारलं, मंजूने एवढंच लिहिलं का. मग पुढचं वाचलं, शेवटपर्यंत. लवूचं काय होईल ते तिने मला विचारलं नाही. टोपली उचलली आणि बाजारात गेली.

काल पाच वाजता मी जमातघर उघडून बसलो. किनाऱ्यावर पाहिलं तर सगळ्या होड्या ओळीने ओढून ठेवलेल्या. पौर्णिमेच्या उधाणाला अशा किनाऱ्यावर होड्या मी जन्मात पाहिल्या नव्हत्या. बायकांनी आदल्या दिवशीच घराघरांत सांगितलं होतं म्हणे, की डोल लावायला गेलात तर मासळी तुमची तुम्हीच विका.

समिती झाडून सगळी आली, पद्मजाबाईही आल्या. आय आणि रत्नप्रभा दारात बसल्या, त्यांना कोणी उठवलं नाही. धाकू पाटील एवढंच म्हणाले की चिटणिसांना पंचांग दिसेनासं झालंय, चष्मा बदलायला हवा. कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं वाटलं असतं.

ठराव मीच वाचला. पद्मजाबाईंचं नाव मीच लिहिलं आणि खुर्चीवरून उठलो. त्या बसल्या. पाटलांनी तंबाखूची डबी खिशात टाकली. बाईंनी पुढची सभा सांगितली, गुरुवार, दि. ४ मार्च. सवयीने मनात तिथी मोजली. फाल्गुन शुद्ध अष्टमी, म्हणजे भांग. होड्या किनाऱ्याला. त्यांना हे मी कधीच शिकवलं नव्हतं.

मी सही केली.

चंपाला गोड पापा. आयसाठी लिहायचं ते असंच लिहीत जा. मी सगळं वाचीन.

तुझा दादा,
धर्मा